एका बेटावरचं गाव आणि चार प्रकारचे पुरावे

संशोधनाची तयारी करणाऱ्या बऱ्याच जणांचा पहिला प्रश्न असतो, "साहित्य कुठे मिळेल?" प्रश्न बरोबरच आहे. पण त्याच्या लगेच पाठोपाठ आणखी एक प्रश्न यायला हवा, आणि तो सहसा येत नाही: "हे साहित्य मुळात तयार कुणी केलं आणि कशासाठी?" मी मूळची विज्ञान शाखेची. आमच्याकडे उपकरणाचं कॅलिब्रेशन केल्याशिवाय रीडिंगवर कुणी विश्वास ठेवत नाही. कागदपत्रांचंही तसंच कॅलिब्रेशन करावं लागतं, हे मला एका गावाचा इतिहास वाचताना फार स्पष्ट दिसलं. हे गाव कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या एका छोट्या बेटावर आहे. आज तिथे वस्ती नाही. पण त्याच्याबद्दल चार अगदी वेगळ्या प्रकारचे पुरावे मिळतात आणि चारही वेगवेगळं बोलतात. पद्धतीशास्त्र समजून घ्यायला याहून चांगलं उदाहरण मला तरी सापडलेलं नाही.

आधी गाव कुठलं ते बघू

ब्रिटिश कोलंबिया प्रांतात व्हँकुव्हर आयलंड हे मोठं बेट आहे. त्याच्या ईशान्य किनाऱ्यासमोर, मुख्य भूमीत आत शिरलेल्या नाइट इनलेट या लांब खाडीच्या तोंडाशी, लहानमोठ्या बेटांचा पुंजका आहे. त्यातल्या एका बेटाला नकाशावर व्हिलेज आयलंड म्हणतात. त्यावरच्या गावाचं मूळ नाव मिमक्वाम्लिस. समोर खडक आणि छोटी बेटं असलेलं गाव, असा त्याचा अर्थ. गाव मामालिलिकुला लोकांचं. हे लोक क्वाक्वाकावाक्व समूहातले. क्वाक्वाकावाक्व म्हणजे 'क्वाक्वाला भाषा बोलणारे'. या एका नावाखाली अनेक स्वतंत्र गट येतात आणि प्रत्येकाचं स्वतःचं गाव, स्वतःचे प्रमुख आणि स्वतःची उत्पत्तिकथा आहे.

पहिली अडचण इथेच येते. जुन्या ग्रंथांत या सगळ्यांना सरसकट 'क्वाकिउट्ल' म्हटलेलं आहे. खरं तर ते नाव फक्त फोर्ट रुपर्टच्या लोकांचं. तिथे १८४९ मध्ये हडसन्स बे कंपनीने ठाणं उभारलं, बाहेरच्यांचा संबंध त्या लोकांशी जास्त आला आणि त्यांचं नाव सगळ्यांना चिकटलं. गावाच्या नावाचीही तीच गत. चित्रकार एमिली कार यांनी १९१२ मध्ये इथे रंगवलेल्या चित्राच्या नावात ते 'मेमालिलाक्वा' असं येतं, सरकारी नकाशात 'व्हिलेज आयलंड', आणि आजचे लोक लिहितात मिमक्वाम्लिस. तुम्ही डेटाबेसमध्ये एकच स्पेलिंग टाकून शोधलंत तर निम्म्याहून जास्त साहित्य हातातून निसटेल. म्हणून वाचन सुरू करण्याआधी नावांची यादी करा. हे काम कंटाळवाणं वाटतं, पण पुढचे कितीतरी तास वाचवतं.

पुरावा पहिला: शिंपल्यांचे ढीग

या किनाऱ्यावर जुन्या वस्तीच्या जागा बोटीतूनही ओळखू येतात. किनाऱ्याचा उतार पांढरा दिसतो. पिढ्यान्पिढ्या खाल्लेल्या शिंपल्यांची टरफलं एकाच जागी पडत गेली, त्यांचे थर झाले आणि घरं त्याच थरांवर उभी राहिली. पुरातत्त्वात याला शेल मिडन म्हणतात. टरफलांमुळे मातीचा आम्लपणा कमी होतो, म्हणून एरवी या पावसाळी जंगलात कुजून गेली असती अशी माशांची आणि प्राण्यांची हाडंसुद्धा टिकतात. लोक काय खात होते, कुठल्या ऋतूत काय मिळवत होते, हे त्यातून कळतं.

आता वय कसं काढायचं? कार्बन-१४ ने. पण इथे एक मेख आहे. झाड आपला कार्बन हवेतून घेतं, शिंपला समुद्राच्या पाण्यातून. समुद्राच्या खोल पाण्यातला कार्बन बराच काळ हवेपासून तुटलेला असतो, म्हणजे 'जुना' असतो. तो वर येऊन मिसळतो आणि काल मेलेला शिंपलासुद्धा मोजणीत शेकडो वर्षं जुना दिसतो. मग एकाच थरातला कोळसा आणि शिंपला दोन्ही मोजून त्या किनाऱ्यापुरता फरक काढतात आणि तो वजा करतात. म्हणजे निसर्गाने दिलेला पुरावासुद्धा जसाच्या तसा घेता येत नाही. त्याची नोंद कुठल्या परिस्थितीत झाली, हे आधी बघावं लागतं. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे सरकारी फायलींनाही तेच लागू होणार आहे.

पुरावा दुसरा: लोकांना माहीत असलेलं

मिमक्वाम्लिसच्या उत्तरेकडे पसरलेल्या बेटांना ब्रॉटन द्वीपसमूह म्हणतात. १९९० च्या दशकात जॉन हार्पर हे किनाऱ्यांचा अभ्यास करणारे भूरूपशास्त्रज्ञ हेलिकॉप्टरमधून इथला किनारा बघत होते. सर्वांत खालच्या ओहोटीच्या वेळी त्यांना पाण्याच्या कडेने दगडांचे लांबच लांब बांध दिसले. एकदोन नव्हे, ठिकठिकाणी. निसर्गाने असे बांध का रचावेत, याचं समाधानकारक उत्तर सापडेना. शास्त्रीय साहित्यात त्यांचा उल्लेख जवळजवळ नव्हताच.

उत्तर मिळालं ते क्वाक्वाकावाक्व प्रमुख अ‍ॅडम डिक, म्हणजे क्वाक्सिस्टाला, यांच्याकडून. त्यांच्या भाषेत या गोष्टीला नाव होतं: लोखिवे. शिंपल्यांची बाग. किनाऱ्यावरचे दगड उचलून खालच्या ओहोटीच्या रेषेवर बांध घालायचा, मग त्याच्या मागे वाळू आणि टरफलांचा चुरा साठत जातो, उताराचा किनारा सपाट होतो आणि शिंपल्यांना राहायला हवी तेवढ्या उंचीची जागा वाढते. आपल्या कोकणात तिसऱ्या काढणाऱ्यांना हे चटकन समजेल, कारण भरती-ओहोटीच्या कुठल्या पट्ट्यात त्या मिळतात हे त्यांना हाताने माहीत असतं.

यानंतर तपासणी झाली. दक्षिणेकडच्या क्वाड्रा आयलंडवर संशोधकांनी बांध असलेले आणि नसलेले किनारे शेजारी शेजारी ठेवून तुलना केली. २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात बांधांमागे बटर क्लॅम या जातीची घनता सुमारे ४ पट आणि लिटलनेक क्लॅमची सुमारे २ पट निघाली. लिटलनेकची पिल्लं मुद्दाम नेऊन सोडली तेव्हा बागेत ती सुमारे १.७ पट वेगाने वाढली. पुढे २०१९ मध्ये याच बेटावरच्या बांधांच्या कालमापनातून काही बांध किमान ३,५०० वर्षं जुने असल्याचं दिसलं. तर्क साधा आहे: बांधाच्या तळाखाली दबून मेलेला शिंपला बांधाहून जुना असणार, त्यामुळे तो बांधाच्या वयाची एक हद्द ठरवतो.

इथे थांबून क्रम बघा. मोजमापं नंतर आली. आधी शब्द होता. 'शिकारी आणि अन्न गोळा करणारे लोक' असं ज्यांचं वर्णन पाठ्यपुस्तकांत वर्षानुवर्षं होत होतं, ते किनाऱ्याची मशागत करत होते, आणि ही माहिती कुठे हरवलेली नव्हती. ती एका भाषेत सुरक्षित होती. फक्त विचारणारे उशिरा आले.

पुरावा तिसरा: सरकारी कागद

आता सर्वांत जाड फाईल उघडू. मिमक्वाम्लिसचं नाव कॅनडाच्या इतिहासात येतं ते १९२१ च्या डिसेंबरमुळे.

त्यासाठी आधी पॉटलॅच समजून घ्यायला हवा. लग्न, नामकरण, मृत्यू, वारसाहक्क अशा प्रसंगी यजमान घराणं पाहुण्यांना बोलावतं, आपल्या हक्काची नावं, नृत्यं आणि मुखवटे सर्वांसमोर मांडतं आणि मग भेटी वाटतं. भेट घेणारा हा साक्षीदार असतो. त्याने भेट स्वीकारली म्हणजे यजमानाचा दावा त्याला मान्य आहे. थोडक्यात, जिथे लेखी नोंदवही नाही तिथे हीच नोंदणी, हाच दस्त. जितकं जास्त वाटाल तितका मान मोठा.

ब्रिटिश कोलंबियातल्या मिशनऱ्यांना आणि अधिकाऱ्यांना मात्र ही उधळपट्टी वाटली. १८८४ मध्ये इंडियन अ‍ॅक्टमध्ये दुरुस्ती होऊन पॉटलॅचवर बंदी आली आणि १८८५ पासून ती लागू झाली. पहिलं कलम इतकं मोघम होतं की १८८९ मध्ये न्यायाधीश बेग्बी यांच्यासमोर ते टिकलं नाही. १८९५ मध्ये ते बदललं. १९१८ च्या दुरुस्तीनंतर इंडियन एजंटला स्वतःच असा खटला चालवता येऊ लागला. म्हणजे तक्रार करणारं खातं आणि निकाल देणारं खातं एकच.

या भागाचे एजंट होते विल्यम हॅलिडे, मुक्काम कॉर्मोरंट आयलंडवरचं अलर्ट बे. १९२१ च्या नाताळच्या सुमारास नामगिस गटाचे डॅन क्रॅनमर यांनी मिमक्वाम्लिसला मोठा पॉटलॅच केला. त्यांच्या पत्नी एमा मामालिलिकुला. लग्नातल्या देण्याघेण्याची परतफेड हे त्यामागचं कारण होतं. गाव एजंटच्या नजरेपासून दूर, आणि ऐन हिवाळा. सहा दिवस चाललेल्या समारंभात इंजिनाच्या बोटी, शिलाई मशिन्स, ग्रामोफोन, पिठाची पोती, ब्लँकेट्स, इतकंच काय, बिलियर्डची टेबलंसुद्धा वाटली गेली.

बातमी हॅलिडेंपर्यंत पोचली. १९२२ मध्ये ४५ जणांवर आरोप ठेवले गेले. आरोप कसले? भाषण करणं. नाचणं. भेटी मांडून ठेवणं. भेटी उचलून पाहुण्यांपर्यंत नेणं. मग एक सौदा पुढे आला: गटांनी आपले मुखवटे, तांब्याच्या ढाली, खुळखुळे, शिट्ट्या सरकारकडे दिल्या तर शिक्षा स्थगित होईल. या सौद्याला कायद्यात कुठलाही आधार नव्हता. २२ जणांच्या शिक्षा स्थगित झाल्या, ३ प्रकरणं अपिलासाठी राहिली आणि २० स्त्री-पुरुष ओकाला तुरुंगात गेले. पहिल्या गुन्ह्याला दोन महिने, दुसऱ्याला तीन.

आता संशोधकाच्या नजरेने बघा. गावाच्या एका समारंभाबद्दल इतकी तपशीलवार माहिती का आहे? कारण त्याचा गुन्हा केला गेला. कोण नाचलं, कुणी भाषण केलं, कुणी काय उचललं, हे नोंदवलं गेलं ते शिक्षा देण्यासाठी. त्याआधी मिमक्वाम्लिसला कितीतरी समारंभ झाले असतील, पण त्यांची फाईल नाही. फाईल जाड आहे म्हणून ती घटना गावाच्या आयुष्यात तेवढीच मोठी होती, असं म्हणता येत नाही. फाईलची जाडी सांगते की तिथे सत्तेचं लक्ष किती होतं.

दुसरं, याच प्रसंगाला दुसरा आवाजही आहे. हॅलिडेंनी १९३५ मध्ये 'पॉटलॅच अँड टोटेम' हे आठवणींचं पुस्तक लिहिलं. क्रॅनमर यांनी स्वतः सांगितलेलं वर्णन मानववंशशास्त्रज्ञ हेलन कोडिअर यांच्या १९६१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या लेखनात आलं. एजंटसाठी जी वस्तूंची उधळण होती, ती यजमानासाठी अभिमानाने मोजलेली फेड होती. वस्तूंची यादी दोन्हीकडे सापडेल, अर्थ मात्र उलटा. तुम्ही फक्त कोर्टाच्या कागदांवर प्रबंध लिहिलात तर एकही तारीख न चुकता चुकीचा इतिहास लिहाल.

पुरावा चौथा: संग्रहालयातल्या वस्तू

जमा केलेल्या वस्तू अलर्ट बेच्या पॅरिश हॉलमध्ये बाकांवर मांडल्या गेल्या आणि बघायला येणाऱ्यांकडून पैसे घेतले गेले. मग पेट्या भरल्या. न्यूयॉर्कचे संग्राहक जॉर्ज हाय यांना हॅलिडेंनी तीसहून अधिक वस्तू परस्पर विकल्या. बाकीच्या ओटावाच्या राष्ट्रीय संग्रहालयात गेल्या, त्यातल्या काही टोरांटोच्या रॉयल ऑन्टारिओ म्युझियममध्ये, आणि काही वस्तू त्या खात्याचे प्रमुख अधिकारी डंकन कॅम्पबेल स्कॉट यांच्याकडे. ज्या तांब्याच्या ढालींना प्रत्येकी स्वतःचं नाव होतं आणि ज्यांची किंमत हजारो ब्लँकेट्समध्ये मोजली जायची, त्या सरकारी लेख्यात नुसत्या 'वस्तू' झाल्या.

संग्रहालयाचं कार्ड वाचताना हे आठवा. कार्डावर लाकडाचा प्रकार असेल, उंची असेल, 'संपादन १९२२' असं असेल. तो मुखवटा कुठल्या घराण्याचा, कुठल्या नृत्यात कितव्या क्रमाने येतो आणि तो तुरुंगाच्या धाकाने दिला गेला, हे कार्डावर नसतं. 'संपादन' हा शब्द खोटा नाही, पण खरं काय घडलं ते तो झाकतो.

१९५१ मध्ये नवा इंडियन अ‍ॅक्ट आला. बंदी रद्द झाल्याची घोषणा त्यात नाही, ते कलम फक्त नव्या कायद्यात घेतलंच गेलं नाही. वस्तू परत मागण्याची खटपट पुढची कित्येक वर्षं चालली. ओटावाच्या संग्रहालयाने अखेर परत द्यायचं मान्य केलं, पण अट घातली की ठेवायला संग्रहालय बांधा. म्हणून दोन उभी राहिली: १९७९ मध्ये केप मजला आणि १९८० मध्ये अलर्ट बेला. अलर्ट बेच्या संस्थेचं नाव उमिस्टा. पूर्वी हल्ल्यात पकडून नेलेली माणसं खंडणी देऊन किंवा लढून घरी परतली की त्यांना 'उमिस्टा' लाभला असं म्हणत. वस्तूंसाठी हा शब्द निवडला यातच सगळं आलं. या संस्थेच्या उभारणीत पुढे होत्या मानववंशशास्त्रज्ञ ग्लोरिया क्रॅनमर वेबस्टर, डॅन क्रॅनमर यांची मुलगी. तिथे हे मुखवटे काचेच्या कपाटात बंद नाहीत, मोकळे मांडलेले आहेत.

टोरांटोच्या वस्तू १९८८ मध्ये परतल्या. हाय यांच्या संग्रहातल्या काही १९९३ मध्ये आणि आणखी काही २००२ मध्ये. एक शिरोभूषण तर पॅरिसमध्ये कवी आंद्रे ब्रेतों यांच्या संग्रहात पोचलं होतं. त्यांच्या मुलीने ते २००३ मध्ये परत केलं. शोध अजून संपलेला नाही.

'ओसाड' हा शब्द जपून वापरा

मिमक्वाम्लिसची वस्ती १९६० च्या दशकाच्या अखेरीपर्यंत उठली. शाळा, दवाखाना, मासेमारीचं काम सगळं अलर्ट बे आणि इतर मोठ्या ठिकाणी एकवटत गेलं. अलर्ट बेलाच १९२९ मध्ये सेंट मायकल्स ही निवासी शाळा उघडली होती. घरापासून तोडून आणलेली मुलं तिथे वाढली आणि आपली भाषा बोलल्याबद्दल त्यांना शिक्षा व्हायची. १९७० च्या दशकात ती बंद पडली आणि २०१५ मध्ये इमारत पाडली गेली.

बाहेरच्या लेखनात मिमक्वाम्लिसला अनेकदा 'सोडून दिलेलं गाव' म्हणतात. हे वर्णन आहे की निष्कर्ष? घरं पडली, हे वर्णन. लोकांनी गावावरचा हक्क सोडला, हा निष्कर्ष, आणि तो चुकीचा. मामालिलिकुला आजही हा आपला प्रदेश मानतात. २०२१ मध्ये त्यांनी नाइट इनलेटमधला एक भाग स्वतःच्या कायद्यानुसार संरक्षित क्षेत्र म्हणून जाहीर केला. आपल्या प्रबंधात एखाद्या जागेला 'निर्जन', 'पडीक', 'विस्मृत' म्हणण्याआधी विचारा: कुणासाठी?

तुमच्या विषयासाठी काय घ्यायचं

विषय कुठलाही असो, प्रत्येक पुराव्यापुढे हे पाच प्रश्न लिहा:

१. ही नोंद कुणी केली आणि त्या वेळी त्यांना त्यातून काय हवं होतं?

२. ज्यांच्याबद्दल नोंद आहे त्यांना ती होत असल्याचं माहीत होतं का? त्यांची संमती होती का?

३. याच गोष्टीला त्यांच्या भाषेत काय म्हणतात? तो शब्द शोधून काढा. 'लोखिवे'सारखा एक शब्द कधी कधी संपूर्ण गृहीतक बदलतो.

४. या पुराव्याची ठरलेली चूक कुठली? शिंपल्याचा जुना कार्बन, फायलीतला गुन्ह्याचा चष्मा, कार्डावरचा 'संपादन' शब्द, आणि हो, आठवणीतही सांगणाऱ्याच्या घराण्याची बाजू असतेच. दुरुस्ती सगळ्यांनाच लागते.

५. कुठल्या काळाबद्दल कागदच नाहीत? तिथे काही घडलं नाही म्हणून, की कुणी लिहून घेतलं नाही म्हणून?

चार पुरावे चार गोष्टी सांगतात म्हणजे एक खरा आणि तीन खोटे, असं नसतं. माती सांगते लोक किती काळ होते आणि काय खात होते. भाषा सांगते ते काय करत होते आणि का. फाईल सांगते सरकारला कशाची भीती वाटत होती. संग्रहालयाचं कार्ड सांगते वस्तू कुणाच्या हातात गेली. प्रत्येकाला त्याच्या आवाक्यातलाच प्रश्न विचारायचा. तुमच्या सिनॉप्सिसमध्ये 'संदर्भ साहित्याचा आढावा' या प्रकरणाआधी दोन पानं फक्त या कामासाठी ठेवा. गाईड विचारतील, "हे कशाला?" तेव्हा पाचव्या प्रश्नाचं तुमचं उत्तर त्यांच्यापुढे ठेवा. बऱ्याचदा तुमचा खरा संशोधन-प्रश्न तिथेच दडलेला असतो.